पंचफुलाताईंची फ्लॉपी

हे मी आजवर कोणाजवळ बोललेलो नाही. बायकोला माझ्या बहुतेक चुका ठाऊक आहेत, ही नाही. संध्याकाळी दुकानात येऊन बसणाऱ्या मित्रांना नाही. एकदा — एकदाच — ते अगदी ओठांपर्यंत आलं होतं, ते मी सांगेनच. मग तुम्हालाच का? तुमचा चेहरा मला दिसत नाही म्हणून असेल. भित्र्या माणसाला एवढी सोय पुरते.

तुम्ही म्हणाल, एका फाइलची तर गोष्ट. हो, एका फाइलचीच आहे. मीही बरीच वर्षं स्वतःला तेच सांगत होतो.

दोन हजार एक-दोनच्या सुमारास मी वर्ध्यातल्या एका कॉम्प्युटरच्या दुकानात कामाला होतो. पिपरी मेघेला एक खोली भाड्याने घेतली होती. वय तेवीस. मालक मला गावोगावी दुरुस्तीला पाठवायचा — कॉलेजच्या लॅबमध्ये, पतसंस्थांमध्ये, आणि महिन्यातून दोन-तीनदा आर्वीला, एका छापखान्यात. एसटीने जायचं, पाठीला पिशवी, पिशवीत सीडींची पाकिटं आणि दोन स्क्रू ड्रायव्हर. तालुक्याच्या गावात तेव्हा कॉम्प्युटर खोलणारा माणूस म्हणजे डॉक्टरच. खुर्ची पुसून द्यायचे. मला ते आवडायचं. फार आवडायचं — हे आधीच सांगून ठेवतो.

छापखाना एका शेठजींचा होता. लग्नपत्रिका, बिलबुकं, शाळांच्या प्रश्नपत्रिका. आधी सगळं अक्षरांचे खिळे जुळवून व्हायचं. मग शेठजींनी एक कॉम्प्युटर घेतला आणि तो चालवायला कोणी तरुण ऑपरेटर न आणता पंचफुलाताईंनाच बसवलं. त्या तिथल्या कंपोझिटर. एकोणिसाव्या वर्षापासून शिशाचे खिळे जुळवत आलेल्या, तेव्हा चव्वेचाळीसच्या असतील. उलटा मजकूर आपण सुलटा वाचतो तसा वाचायच्या. त्यांना कॉम्प्युटर शिकवायचं काम माझ्याकडे आलं.

पहिल्या दिवशी त्यांनी माऊसला हात लावला तो विस्तवाला लावावा तसा. दुसऱ्या खेपेला गेलो तर पत्रिकांच्या खोक्याचा पुठ्ठा कापून त्यावर सगळा कीबोर्ड काढून आणलेला. कुठल्या बटणावर क, कुठल्या बटणावर काना, सगळं. घरी पिठाच्या डब्यावर तो पुठ्ठा ठेवून त्या बोटं चालवायच्या. दीड महिन्यात माझ्यापेक्षा जलद मराठी टाइप करायला लागल्या. मला 'सर' म्हणायच्या. त्यांच्याआधी मला कोणीच सर म्हटलं नव्हतं.

"सर, आता मले खिळ्यांची याद बी येत नाई," असं एकदा म्हणाल्या होत्या. हसून. त्यांच्या नखांतली शाई तेव्हा नुकती निघत आली होती.

मी विषयापासून लांब चाललोय का? — हो. चाललोय.

सहामाही परीक्षेचे दिवस होते. आजूबाजूच्या शाळांच्या प्रश्नपत्रिका शेठजींकडेच छापायला आलेल्या. पंचफुलाताईंनी तीन आठवडे बसून सगळ्या टाइप केल्या होत्या, छापणं तेवढं राहिलं होतं. मी त्या दिवशी प्रिंटरचं काहीतरी बघायला गेलो होतो. प्रिंटरचं काम पाच मिनिटांत झालं. निघताना त्या सहज म्हणाल्या, की पडद्यावरची अक्षरं थरथरतात, संध्याकाळी डोळ्यांतून पाणी येतं.

आता मी असं सांगू शकतो, की त्यांच्या डोळ्यांसाठी मी पुढचं सगळं केलं. ऐकायला बरं वाटेल. पण खरं काय? आदल्याच आठवड्यात एका मासिकाबरोबर फुकट सीडी आली होती, तिच्यात पडद्यावरचं चित्र सांभाळणारे ग्राफिक्स ड्रायव्हर नवे करून देणारं एक सॉफ्टवेअर होतं, आणि ते कुठेतरी चालवून बघायला माझे हात शिवशिवत होते. मालकाने बजावलेलं, गिऱ्हाइकाचं काम चालू असताना विनाकारण काही बदलायचं नाही. शेठजींनीही दारातून विचारलं, "देख भाई, पेपरं हायेत आत. काही बिघडनार तर नाई ना?" मी हसलो. अशा वेळी डॉक्टर हसतात तसा.

इथे थोडं कामातलं सांगावं लागेल. कॉम्प्युटरमध्ये काही फाइली अशा असतात, की त्या एकट्या कोणाच्या नसतात. चार-पाच प्रोग्रॅम मिळून त्याच वापरतात. आम्ही त्यांना डीएलएल म्हणतो. नवीन काही टाकताना त्यातली एखादी बदलली, तर नवीन टाकलेलं चालतं, पण ज्याचा काही संबंध नाही असा भलताच प्रोग्रॅम बंद पडतो. म्हणून विंडोज आधी विचारतं. त्या दिवशीही विचारलं. पडद्यावर चौकट आली — तुमच्या मशीनवर आहे ती फाइल नवी आहे, मी टाकतोय ती जुनी आहे. आहे तीच ठेवायची का? 'हो' म्हणणंच बरं, असंही त्यात लिहिलेलं असतं.

पंचफुलाताई माझ्या खुर्चीमागे उभ्या होत्या. "सर, ते काय विचारून राह्यलं?"

"काही नाही ताई. ते असंच विचारत असते."

आणि मी 'नाही' दाबलं. पुन्हा चौकट आली, दुसऱ्या फाइलची. पुन्हा 'नाही'. चार-पाचदा. न वाचता. वाचल्याशिवाय दाबता येतं हेच मला त्यांना दाखवायचं होतं बहुतेक.

मशीन बंद करून चालू केलं. पडदा असा स्थिर झाला की विचारू नका. त्या वाकून बघत राहिल्या. मग पर्समधून एक निळी फ्लॉपी काढली. वंदनाचा, त्यांच्या मुलीचा, लग्नाचा बायोडाटा त्यांनी घरच्या वेळात, काम संपल्यावर टाइप केला होता. तो भाच्याकडून वर्ध्याला रंगीत छापून घ्यायचा होता. म्हणून फ्लॉपीत हवा होता. "टाकू काय सर, मशीनमंधी? चालते ना?" त्यांनी विचारलं. त्यांनी विचारलं, हे लक्षात ठेवा. मी म्हणालो, "टाका की." आणि बसस्टँडकडे निघालो.

दुसऱ्या दिवशी सकाळीच दुकानात फोन. मराठीचा प्रोग्रॅम उघडत नाही. पेपर त्यातच. परवा परीक्षा.

आर्वीला पोचेपर्यंत मला माहीत नव्हतं असं नाही. गाडीत बसल्या बसल्याच कालच्या त्या चौकटी आठवल्या होत्या. तिथे जाऊन प्रोग्रॅमवर क्लिक केलं, पडद्यावर त्या फाइलचं नावच आलं. मी तिची तारीख बघितली. काल होती त्यापेक्षा दोन वर्षं जुनी. मी टाकलेली. माझ्या सीडीतली.

दुरुस्ती किती वेळाची होती सांगू? दहा मिनिटांची. विंडोजची मूळ सीडी माझ्या पिशवीतच होती. तिच्यातून ती एक फाइल काढायची आणि जागेवर ठेवायची. पेपर सुरक्षित होते, एक अक्षर कुठे गेलेलं नव्हतं. "शेठजी, काल माझ्याकडून चूक झाली, दहा मिनिटं द्या" — एवढं वाक्य. मी ते मनात जुळवलंसुद्धा.

शेठजी माझ्या डाव्या हाताला उभे. पंचफुलाताई उजव्या. त्यांनी पदर घट्ट धरलेला. मागे छपाईचं ट्रेडल मशीन बंद होतं, त्यामुळे सगळीकडे एकदम शांत. शेठजींनी विचारलं, "क्या हुआ? बोल तो सही. कोणी काही टाकलं काय यात?"

टेबलावर निळी फ्लॉपी पडली होती. तिच्यावर पांढऱ्या चिठ्ठीवर सुबक अक्षरात लिहिलेलं — वंदना.

मी विचारलं, "ही फ्लॉपी कोणाची?"

मला माहीत होतं कोणाची. मीच 'टाका' म्हणालो होतो. तरी मी विचारलं. खोटं बोलायच्या आधी मी प्रश्न विचारला — म्हणजे खोटं मला बोलावंच लागणार नाही, उत्तर दुसऱ्याच्या तोंडून येईल. हे मला त्या क्षणी कसं सुचलं? तेवीस वर्षांच्या पोराला? मी आजवर स्वतःला हे विचारतो आणि उत्तर एकच येतं, की ते सुचावं लागलंच नाही. ते आत तयारच होतं.

"माही हाय जी," त्या म्हणाल्या.

"मग यातूनच व्हायरस आला," मी म्हणालो.

त्या माझ्याकडे बघत होत्या. आता सांगतील, मला वाटलं. आता म्हणतील, सरांना विचारूनच टाकली. मी वाट बघत होतो, आणि त्यांनी तसं म्हटलंच तर आपण काय म्हणायचं, तेही मी ठरवून ठेवलं होतं. 'मी कधी म्हणालो?' असं म्हणायचं. हेही लिहून ठेवतो. मी तयार होतो.

त्यांनी नजर खाली घेतली. "माही चूक झाली शेठजी," म्हणाल्या.

शेठजी खूप बोलले. हिंदीत आणि मराठीत. मी मध्ये पडलो नाही. उलट शेठजींचा विश्वास बसावा म्हणून ती फ्लॉपी उचलली, 'ही पुन्हा कुठे लागायला नको' असं म्हणालो आणि दोन्ही हातांनी वाकवून मोडली. कडकन आवाज झाला. आतली चकती बाहेर आली. ती मी खाली केराच्या टोपल्यात टाकली, त्यांच्या पायाजवळ.

अजून संपलेलं नाही.

व्हायरस म्हटल्यावर दहा मिनिटांत मशीन सुरू करून कसं चालेल? तो एवढा साधा कसा? म्हणून मी कॉम्प्युटरचा डबा वायरींतून सोडवला आणि 'वर्ध्याला न्यावा लागेल' म्हणालो. एसटीत मांडीवर घेऊन नेला. दुकानात पोचल्यावर फाइल जागेवर ठेवली, प्रोग्रॅम उघडला, प्रश्नपत्रिका एकेक तपासल्या. सगळ्या होत्या. आणि मग ते धडधाकट मशीन मी दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत टेबलाखाली कापड टाकून ठेवलं. आर्वीहून तीनदा फोन आला. तिन्ही वेळा मी म्हणालो, "चालू आहे काम, अवघड आहे."

पहिल्या दिवशीचे पेपर वेळेत छापून झाले नाहीत. शाळांतून गुरुजींनी प्रश्न फळ्यावर लिहून दिले. पुढच्या वर्षी शाळांचं काम दुसऱ्या गावच्या छापखान्यात गेलं. ते फाइलमुळे गेलं नाही, बघा. टेबलाखालच्या त्या कापडामुळे गेलं.

मी मशीन परत नेलं तेव्हा शेठजींनी माझ्यासाठी कचोरी मागवली. "लडका होशियार आहे," म्हणून चारचौघांत सांगितलं. माझी कामं वाढली.

पंचफुलाताईंना त्यांनी काढलं नाही. जुनं माणूस होतं. मागच्या खोलीत बसवलं, पानं दुमडायला आणि पिना मारायला. कॉम्प्युटरवर अमरावतीहून एक ऑपरेटर आणला. वर्षभरात खिळेही मोडीत गेले, पोत्यात भरून, शिशाच्या भावाने. म्हणजे परत जायलाही जागा उरली नाही.

मी महिन्यातून दोन-तीनदा जातच होतो. त्या मला पाणी आणून द्यायच्या — पेला दारातल्या स्टुलावर ठेवायच्या, कॉम्प्युटरच्या खोलीत पाऊल टाकायच्या नाहीत. ऑपरेटरला काही निरोप द्यायचा असला तरी चौकटीबाहेरून. एकदा मी म्हणालो, "या ना ताई आत." त्या म्हणाल्या, "नाई सर. माह्या हाताले नाई सोसत ते." कडवटपणाने नाही. एखाद्याला वांगं सोसत नाही, तसं.

मी अशी कल्पना करून बघतो, की त्याच दिवशी मी त्यांना खरं सांगितलं असतं. त्यांना किती लवकर कळलं असतं! खिळ्यांच्या लाकडी केसमधल्या एका घरातले खिळे कोणी बदलून ठेवले, की त्या घरातून उचलणाऱ्या सगळ्यांचा मजकूर बिघडतो — पंचवीस वर्षं त्यांनी दुसरं काय पाहिलं होतं? त्या हसल्या असत्या. 'सर, तुमीच हो?' म्हणाल्या असत्या. माझं 'सर'पण थोडं कमी झालं असतं. तेवढंच.

पाच-सहा वर्षांनी पिपरी मेघेत मी स्वतःचं दुकान टाकलं. एका उन्हाळ्यात वंदना आली. लग्न होऊन अल्लीपूरला दिलेली. घरी बसून टाइपिंगची कामं करायची म्हणून जुना कॉम्प्युटर बघायला आली होती. मी बोलत असताना बाहेर लक्ष गेलं. रस्त्याच्या पलीकडे, उन्हात, डोक्यावर पदर घेऊन पंचफुलाताई उभ्या. मी धावत गेलो. ताई, आत चला, पंखा आहे.

"नाई जी, मी अथीच बरी. तुमच्या येवढ्या मशिनी हायेत आत." मग हळूच म्हणाल्या, "पोरीले समजावा सर. म्या सांगितलं, आपल्या घरात ते नाई लाभत. आयकत नाई."

ऊन माझ्या डोक्यावरही होतं. रस्त्यावर दुसरं कोणी नव्हतं. त्याहून सोपी जागा मला आयुष्यात मिळाली नसती. मी काय केलं? दुकानातून एक स्टूल आणून त्यांना सावलीत बसायला दिलं. ऊस पिळणाऱ्याकडून एक ग्लास रस आणून दिला. एवढंच धैर्य माझ्याकडे निघालं — एक स्टूल आणि एक ग्लास.

वंदनाने कॉम्प्युटर घेतला नाही. आईकडे बघितलं आणि 'विचार करून सांगते' म्हणाली. पुन्हा आली नाही.

त्यानंतर मात्र मला स्वस्थ बसवेना. दुकानात कोणी फाइल बिघडल्याची तक्रार घेऊन आलं की रस्त्यापलीकडचं ते ऊन दिसायचं. दोन महिन्यांनी एका रविवारी मी आर्वीची बस धरली. छापखाना तोवर बंद पडला होता. विचारत विचारत त्यांच्या घरी गेलो. पाठ केलेलं वाक्य होतं माझ्याजवळ: 'ताई, तो व्हायरस नव्हता, ती फाइल मी बदलली होती.' बसमध्ये शंभरदा म्हटलं असेल.

त्यांना इतका आनंद झाला, की आधी शेजारच्या दोघींना बोलावून मला दाखवलं. हे आमचे सर, यायनंच मले शिकवलं. मग त्या दोघी गेल्या. चहा आला. मी कप खाली ठेवला. "ताई, त्या दिवशी फ्लॉपीचं —" म्हणालो.

आणि त्यांनी मला थांबवलं. हात वर करून.

"मले मालूम हाय सर, तुमच्या मनात काय हाय ते," म्हणाल्या. यांना फाइलचं कळलंय, मला वाटलं. "तुमीच टाका म्हनलं होतं, हे म्या शेठजीले सांगतलं नाई. कोनालेच सांगतलं नाई. तुमी त्या दिवशी कसे घाबरून गेलते, म्या पाह्यलं ना. पोरगा नवा हाय, परका हाय, म्हनलं, याची नोकरी जाईन. माहं काय, मी जुनी. मले थोडी काढनार होते?" मग म्हणाल्या, "तुमी फ्लॉपी मोडली तवा मातर वाईट वाटलं. पन ते बी बराबर होतं. दुसऱ्याच्या मशिनीले लागली असती."

त्या सहा-सात वर्षं समजत आल्या होत्या, की मला लपवायचं आहे ते एवढंच — मी 'टाका' म्हणालो होतो, एवढंच. आणि ते त्यांनी जपलं होतं. त्यांनी मला वाचवलं होतं, आणि त्याचा त्यांना थोडा अभिमानही होता. तो त्यांच्या चेहऱ्यावर दिसत होता.

आता बोल, मी मनात म्हणालो. आता तरी. वाक्य तयार होतं. फक्त तोंड उघडायचं होतं.

मी म्हणालो, "तुमचे उपकार आहेत, ताई."

त्या म्हणाल्या, "उपकार कायचे जी. चहा घ्या, थंडा होऊन राह्यला."

मी घेतला. सगळा. मग वंदनाचं विचारलं, तिच्या मुलीचं विचारलं, कापसाचं विचारलं. बसची वेळ झाली म्हणून उठलो. त्या दारापर्यंत आल्या आणि म्हणाल्या, "येजा सर, अशेच. सुटीच्या दिवशी." मी हो म्हणालो. गेलो नाही.

मी तेव्हा तेवीस वर्षांचा होतो, पण त्या रविवारी नव्हतो. त्या रविवारी मी तीस वर्षांचा, दुकानदार, लग्न झालेला माणूस होतो, आणि मला कोणी नोकरीवरून काढणार नव्हतं.

पंचफुलाताई आर्वीतच असतात. आता त्यांच्या घरात मोबाइल आहे, मुलीनेच घेऊन दिलेला. वाजला की त्या शेजारणीला हाक मारतात. ती येऊन बटण दाबते आणि फोन त्यांच्या कानाला लावून धरते.